करमळं, 84 किलो, दोन बहर: माझ्या नोंदी

22 सप्टेंबर 2024, रविवार
आजपासून वहीत नाही, इथेच लिहिणार, वही स्वयंपाकघरात ठेवली की तिच्यावर हळदीचे हात पडतात आणि शेवटी कोणीतरी फाडून दूधवाल्याचा हिशोब करतं. विहिरीकडच्या करमळाला (स्टारफ्रूट, पाच धारांचं आंबट फळ) यंदा फांद्या वाकल्यात. नवऱ्याने सकाळी लग्गीने आणि थोडी हाताने मिळून 11.4 किलो काढली, माशाच्या वजनासाठी आणलेला लटकता डिजिटल काटा आहे त्यावर मोजली. किलोला दहा ते बारा फळं बसतात.

मी माहेरची साताऱ्याकडची, लग्न होईपर्यंत हे फळ फक्त हॉटेलात सरबताच्या ग्लासच्या काठावर खोचलेलं बघितलेलं, आणि इथे सावंतवाडीजवळ ते झाडाखाली कुजत पडतं. सगळ्यांकडेच एक तरी झाड आहे म्हणून कोणाला द्यायला गेलं की "आमच्याकडेच खूप आहेत गो" ऐकायला मिळतं. दरवर्षी अर्ध्याहून जास्त फळं गायीच्या गोठ्यामागच्या खड्ड्यात जातात. यंदा ठरवलं की एकूण एक फळ मोजायचं आणि काय होतं, काय टिकतं, काय फसतं ते लिहून ठेवायचं.

आईंचं (सासूबाई) म्हणणं, "येवढी करमळां कोण खातला गो?" प्रश्न बरोबर आहे. उत्तर माझ्याकडे नाहीय.

23 सप्टेंबर
पहिला धडा. आई आडाळ्यावर (लोखंडी विळीवर) चिरायला बसल्या आणि मी बाजूला स्टीलच्या सुरीने. वीस मिनिटांत आडाळ्याच्या चकत्या कडेने काळपट आणि माझ्या पिवळ्याच. लोखंड आणि आंबट, जमत नाही. आईंनी मान्य केलं नाही, म्हणाल्या काळी दिसली तर काय झालं, पोटात उजेड आहे का. पण जॅमसाठी रंग पाहिजे म्हणून उरलेली मी चिरली.

चिरण्यात वेळ जातो तो पाच धारांच्या टोकांमुळे. धारेचा वरचा तपकिरी भाग पातळ सोलून काढायचा, नाहीतर तुरट लागतो, मग आडव्या चकत्या करायच्या, मधला दोरा आणि बिया टोकदार सुरीने उडवायच्या. चकती ताऱ्यासारखी दिसते तेवढ्यापुरतं छान वाटतं, पाच किलोनंतर काही वाटत नाही. 11.4 मधून साफ केल्यावर 9.7 हातात आली. जी गेली त्यात बरीचशी फळमाशीची. बाहेरून सुईच्या टोकाएवढा डाग, आत बारीक पांढरी अळी. ती गायीला.

24 सप्टेंबर
लोणचं. हे आईंचं क्षेत्र, मी फक्त लिहून घेतलं. दीड किलो करमळ, मीठ लावून रात्रभर, सकाळी सुटलेलं पाणी ओतायचं नाही तर गूळ त्यातच विरघळवायचा. मोहरी भरडून, मेथी तेलात लाल होईपर्यंत, हिंग, हळद, लाल तिखट, फोडणी पूर्ण गार करून वरून ओतायची. गुळाचं माप विचारलं तर "लागता तेवढो". मी गपचूप वजन केलं, 320 ग्रॅम. दुसऱ्या दिवशी खाल्लं, आंबट-गोड-तिखट बरोबर बसलंय. फ्रीजमध्ये तीन आठवडे टिकेल म्हणतात, पण नवऱ्याचा वेग बघता तो प्रश्न येणार नाही.

29 सप्टेंबर, रविवार
9.2 किलो. आज दोन मोठी कामं काढली आणि दोन्ही घाईत काढली, हे आधीच लिहून ठेवते.

एक, सिरप. इथे कोकम अमृत करतात तसंच, कोकमाऐवजी करमळ. काचेच्या मोठ्या बरणीत चकत्यांचा थर, साखरेचा थर, तोंडाला कापड, आणि बरणी उन्हात. कोकमाला सालाच्या दुप्पट साखर घेतात हे मला माहिती होतं, पण मला वाटलं इतकी साखर कोण पिणार, म्हणून 4 किलो फळाला 2 किलोच घातली. दोन बरण्या झाल्या.

दोन, जॅम. पिकलेली पिवळीधमक फळं निवडली कारण ती गोड. 2 किलो गर, दीड किलो साखर, अॅल्युमिनियमच्या मोठ्या पातेल्यात कारण तेच मोठं होतं. पन्नास मिनिटं ढवळत बसले, हात भाजला, रंग तपकिरी झाला, आणि थंड झाल्यावर चमच्यावरून पाण्यासारखं ओघळलं. वर पातेलं आतून पांढरंफटक, जणू कोणी चिंचेने घासलंय, आणि जॅमला धातूची चव. सगळा टाकला. साडेतीन किलोचा माल आणि गॅस. नवरा म्हणाला निदान पातेलं तरी स्वच्छ झालं.

2 ऑक्टोबर
आज सुट्टी म्हणून जॅम का फसला ते वाचत बसले. पेक्टिन, म्हणजे ज्याने जॅम घट्ट बसतो तो पदार्थ, पिकत जाताना कमी होतो. करमळाची जेली करायची तर फळ हिरव्यातून पिवळ्याकडे नुकतं वळत असताना घ्यायचं, पूर्ण पिकलेलं घेतलं तर पेरूसारखं पेक्टिनवालं फळ किंवा बाजारचं पेक्टिन घालावं लागतं. म्हणजे मी जे सगळ्यात छान दिसत होतं तेच निवडून चूक केली. आणि हे फळ तोडल्यावर पिवळं होत जातं पण साखर वाढत नाही, आंब्यासारखं अढीत घालून काही फायदा नाही, जी गोडी यायची ती झाडावरच.

6 ऑक्टोबर, रविवार
6.1 किलो. झाडावर पोपटांनी हैदोस घातलाय, अर्धं खाऊन अर्धं खाली. सुकवायला घेतली. सकाळी कडक ऊन होतं, खळ्यात (अंगणात) चटई, त्यावर जुनी कॉटनची साडी, त्यावर मीठ लावलेल्या चकत्या, वरून मच्छरदाणीचा तुकडा. साडेतीनला तिलारीच्या बाजूने काळं भरून आलं आणि मी मीटिंगमध्ये. हेडफोन काढून पळेपर्यंत चकत्या भिजल्या. आईंनी खिडकीतून, "पाऊस गेलो म्हणान कोणी सांगल्यान तुका?"

परतीचा पाऊस. इथल्या प्रत्येक माणसाला माहिती आहे की दसऱ्यापर्यंत काही सुकत घालायचं नसतं, फक्त मला माहिती नव्हतं.

8 ऑक्टोबर
भिजलेल्या चकत्या पंख्याखाली ठेवल्या होत्या, चिकट झाल्या आणि सकाळी हिरवट बुरशी. फेकल्या. तीन किलो.

10 ऑक्टोबर
सिरपच्या बरण्यांत बुडबुडे. पहिल्यांदा वाटलं साखर विरघळतेय, मग कान लावला तर सोडा वॉटरसारखा आवाज. ऊन नाही, साखर कमी, मग दुसरं काय होणार. एका बरणीवर मी शहाणपणाने झाकण घट्ट लावलं होतं, माश्या येऊ नयेत म्हणून, ते रात्री उडून ताटाळ्यावर आदळलं, सगळे जागे. आई अंधारातच म्हणाल्या, "साखर कमी घातलंस मा? मगे फुगतलाच."

वास ताडीसारखा. एक बरणी ओतून टाकली कारण वर पांढरा थर आला होता. दुसरी आईंनी ओतू दिली नाही. गाळून घेतली, फळ काढून टाकलं, तोंडाला कापड बांधलं आणि माळ्याच्या जिन्याखाली ठेवून दिली. मी विचारलं कशाला, तर उत्तर नाही.

20 ऑक्टोबर
पहिल्या बहराची शेवटची 4.0 किलो. या बहराची बेरीज 30.7 किलो. त्यातलं खाण्यालायक रूपात घरात उरलं काय तर एक बरणी लोणचं (अर्धी) आणि रोजच्या आमटीत गेलं ते. बाकी गाय, बुरशी, पोपट, आणि जिन्याखालची ती बरणी. आकडा लिहिताना लाज वाटली पण लिहिला.

आजच्या चार किलोतली दोन उडदामेथीला गेली. गोव्यातल्या आतेसासूबाईंची पद्धत, तिकडे अंबाडे किंवा बिंबलं घालून करतात, त्यांनी करमळ घालून केली. उडीद डाळ आणि मेथी भाजून खोबऱ्यासोबत वाटायची, त्या कडवट घट्ट रश्शात आंबट फोडी. मेथीचा कडूपणा आणि करमळाची आंबट धार एकमेकांना धरतात, मधे थोडा गूळ. यात फोड विरघळत नाही, चावली की रस सुटतो. आत्तापर्यंतचा सगळ्यात चांगला वापर हाच, आणि त्यात टिकवणं काहीच नाही.

27 ऑक्टोबर, रविवार
दिवाळीची भांडी. समया, तांब्याचा गडू, पितळी घंघाळ. पक्ष्यांनी टोचलेली, फुटलेली, हिरवी करमळं चिरून मिठात बुडवून घासली. चिंचेपेक्षा वेगात उजळतात, खरंच. यामागे ऑक्झॅलिक आम्ल आहे, आंबट जातीत जास्त असतं, गंजाचे डागही याने निघतात म्हणून कपड्यावरच्या लोखंडी डागाला जुन्या बायका हेच लावायच्या. फक्त लगेच धुवून पुसायचं, नाहीतर हिरवट होतं. बोटांच्या कडांना चिरा होत्या तिथे झोंबलं.

17 नोव्हेंबर
आज करमळं काढली नाहीत, पण हे लिहून ठेवायलाच हवं. दिवाळीत नणंद आली होती, ती बेळगावला नर्स आहे. मी उत्साहात सांगत होते की दुसऱ्या बहराला सिरपच्या बाटल्या भरून शेजारीपाजारी वाटणार, कोणाकोणाला त्याची यादीही केली होती. यादीत खालच्या वाडीतले एक काका होते. तिने नाव बघितलं आणि विचारलं, ते डायलिसिसला जातात ना? म्हटलं हो, आठवड्यातून दोनदा. म्हणाली, त्यांना एक चमचाही द्यायचा नाही.

मला वाटलं ऑक्झॅलेट आणि मुतखडा वगैरे असेल. तेही आहे, पण तिने सांगितलं ते वेगळंच. या फळात कॅरॅम्बॉक्सिन नावाचं द्रव्य असतं, 2013 मध्ये ब्राझीलमधल्या संशोधकांनी ते वेगळं काढून ओळखलं. धडधाकट किडनी ते बाहेर टाकते, निकामी किडनी टाकत नाही, मग ते मेंदूपर्यंत जातं. आधी उचक्या लागतात, थांबतच नाहीत, मग माणूस बरळायला लागतो, झटके येतात, आणि माणसं दगावली आहेत. शिजवलं, लोणचं घातलं, साखर घातली म्हणून सुरक्षित झालं असं नाही. आणि ज्याची किडनी ठीक आहे त्यानेही उपाशीपोटी कच्च्या रसाचे ग्लासच्या ग्लास पिऊ नयेत, त्यानेही किडनीला इजा झाल्याच्या केसेस आहेत. काही औषधं शरीरात ज्या वाटेने मोडतात ती वाटही हे फळ अडवतं असं प्रयोगशाळेत दिसलंय, ग्रेपफ्रूट या पपनसासारख्या फळाप्रमाणे, म्हणून रोजच्या गोळ्या चालू असतील तर डॉक्टरला विचारून.

मी गप्प बसले. त्या काकांना एप्रिलमध्ये आईंनीच वाटीभर लोणचं दिलं होतं, काकींनी ते पथ्य म्हणून बाजूला ठेवलं होतं हे नंतर कळलं. मीठ जास्त म्हणून. नशीब.

फळ आपल्याकडे जास्त झालं की आपण ते कोणाच्या तरी हातात ठेवून मोकळे होतो. मीही यादी करताना कोण घेईल एवढंच बघत होते. आजपासून प्रत्येक बरणीवर चिठ्ठी: करमळ, तारीख, "किडनीचा त्रास असेल तर खाऊ नये." नवरा म्हणाला हे वाचून कोण खाईल. न खाईना.

24 नोव्हेंबर
फळमाशीसाठी सापळे बांधले. वेंगुर्ल्याच्या फळ संशोधन केंद्राने काढलेला रक्षक सापळा इथे आंबेवाल्यांकडे असतोच, प्लास्टिकचा डबा, आत मिथाइल युजेनॉलमध्ये भिजवलेला लाकडी तुकडा. नर माश्या वासाने आत येतात आणि मरतात, नर कमी झाले की पुढची अंडी कमी. दोन झाडाला, एक विहिरीच्या कठड्याला. आणि खाली पडलेली सगळी फळं रोज उचलायची, कारण अळी फळातून मातीत जाते आणि माशी होऊन परत वर येते. हे रोज उचलण्याचं काम आईंनी घेतलंय, पहाटे काठी घेऊन जातात.

संध्याकाळी लक्षात आलं की करमळाची पानं दिवेलागणीला मिटतात. दोन्ही बाजूंनी खाली दुमडून. दहा वर्षं हे झाड बघतेय आणि आज दिसलं.

8 डिसेंबर, रविवार
दुसरा बहर. 14.6 किलो, आणि यात अळीची फक्त बारा-तेरा फळं. हवा कोरडी, रात्री शाल लागते, खळं सारवून झालंय.

यावेळी ढीग आधी तीन भागांत केला. हिरवट-पिवळी (जेली, कँडी), पूर्ण पिवळी (सिरप), आणि हिरवी कडक (सुकवण, खार). चिरण्याआधी नुसती ही निवड करायला पाऊण तास गेला पण सप्टेंबरमधल्या निम्म्या चुका या एका गोष्टीने वाचल्या.

सिरप: 3 किलो साफ चकत्या, 6 किलो साखर. हो, दुप्पट. किराणावाल्याने विचारलं घरात लग्न आहे का. थर लावून बरणी उन्हात, रोज सकाळी बाहेर संध्याकाळी आत, दिवसातून एकदा लाकडी कालथ्याने हलवायचं.

9 डिसेंबर
कडक हिरवी 2 किलो खारात. खारातले आंबे घालतात तसेच, अख्खी फळं धारा काढून, काटेचमच्याने टोचून. पाणी उकळून गार केलं, लिटरला 150 ग्रॅम जाडं मीठ, हळकुंडाचा तुकडा, चार हिरव्या मिरच्या. वर बशी आणि बशीवर धुतलेला दगड, कारण फळ तरंगलं की जे पाण्याबाहेर राहतं ते नासतं.

15 डिसेंबर, रविवार
17.2 किलो, आत्तापर्यंतचा रेकॉर्ड.

सिरप सातव्या दिवशी गाळलं. साडेचार लिटर, रंग फिक्या मधासारखा. चुलतदिराकडून रिफ्रॅक्टोमीटर, म्हणजे साखर मोजायची नळी, आणला (त्यांचा कोकमाचा छोटा कारखाना आहे), काचेवर थेंब टाकून डोळ्याला लावायचं, 66 ब्रिक्स, म्हणजे शंभर ग्रॅममध्ये साधारण 66 ग्रॅम साखर. पासष्टच्या वर असलं की बहुतेक यीस्टला त्यात वाढता येत नाही, साखरच त्याचं पाणी ओढून घेते. ऑक्टोबरचं माझं सिरप हिशोबाने छत्तीसच्या आसपास होतं, म्हणजे मी यीस्टला जेवायला बोलावलं होतं. तरी बाहेर ठेवायच्या बाटल्यांत दीर म्हणाले तसं किलोला 0.6 ग्रॅम केएमएस (पोटॅशियम मेटाबायसल्फाइट, टिकवण्यासाठीची पावडर) घातलं, आधी चमचाभर सिरपमध्ये विरघळवून. फ्रीजच्या दोन बाटल्यांत काहीच नाही. उरलेल्या आकसलेल्या गोड चकत्या मुलांनी बरणीतूनच संपवल्या.

दहा किलो सुकवायला. 5 मिलिमीटर जाडी, सुरीवर पट्टी लावून मोजली, पातळ केल्या तर साडीला चिकटतात आणि जाड केल्या तर मधे ओल्या राहतात. किलोला 30 ग्रॅम मीठ, दोन तास, सुटलेलं पाणी निथळून मग उन्हात.

16 डिसेंबर
भाचीने पुण्याहून फोन केला की ती "करमळ" शोधतेय तर तिला भलतंच मोठ्या पानांचं, पांढऱ्या फुलांचं झाड दिसतंय. बरोबर आहे, त्या झाडालाही करमळच म्हणतात, ते वेगळं. आपल्या या फळाला हिंदीत कमरख म्हणतात, तेही तिला सांगितलं. मग तिनेच उलट मला सांगितलं की इंग्रजीतला कॅरॅम्बोला हा शब्द पोर्तुगीजांमार्फत मराठीतल्या "करंबळ" वरून गेलाय, आणि गार्सिया द ऑर्टा नावाच्या पोर्तुगीज वैद्याने 1563 मध्ये गोव्यात छापलेल्या पुस्तकात या फळाचा उल्लेख आहे. आईंना सांगितलं. त्या म्हणाल्या मग त्यांका सांग येवन घेवन जावा.

19 डिसेंबर
चार दिवस पूर्ण ऊन मिळालं. दहा किलोची साफ केल्यावर 8.6 झाली होती, त्याची सुकून 940 ग्रॅम. चकती दुमडली तर चामड्यासारखी वाकते, मोडत नाही, आत ओल नाही. लगेच बंद बरणीत नाही भरली, काचेच्या बरणीत सैल भरून दोन दिवस ठेवली आणि रोज काचेकडे बघितलं. एका बरणीला आतून दव धरलं, ती परत एक दिवस उन्हात.

संध्याकाळी बांगडे आले होते. तिखलं, म्हणजे माशांचं आंबट-तिखट कालवण. नेहमी कोकम घालतो, आज कोकमाऐवजी आठ सुक्या चकत्या अर्धा तास गरम पाण्यात. खोबरं, बेडगी मिरची, हळद, धणे वाटून पातळ वाटण, तिरफळं ठेचून सहा, चकत्या त्यांच्या पाण्यासकट, उकळी आल्यावर बांगडे आणि मग हलवायचं नाही, फक्त पातेलं गोल फिरवायचं. कोकमाचा लाल-जांभळा रंग नाही आला, रस्सा केशरी राहिला, पण आंबटपणा जास्त मोकळा, तिरफळाचा वास दबला नाही. आई काही बोलल्या नाहीत, दुसऱ्यांदा भात घेतला. ही नोंद मी ठळक करून ठेवलीय.

22 डिसेंबर, रविवार
12.0 किलो. जेली, दुसरा प्रयत्न, यावेळी स्टीलचं पातेलं. दोन किलो नुकती वळलेली करमळं, अर्धा किलो कच्चट पेरू, दोन्ही वेगवेगळे पाण्यात शिजवून कापडातून गाळले, न पिळता, रात्रभर लटकवून. पिळलं की गढूळ होतं. रस सव्वा लिटर, साखर एक किलो, मोठ्या आचेवर बावीस मिनिटं. 105 अंशाला उतरवली आणि फ्रीजरमधल्या ताटलीवर थेंब टाकून बोटाने ढकलला, सुरकुती पडली. उकळत्या पाण्यातून काढलेल्या बरण्यांत गरमच भरली. सकाळी बरणी उलटी केली तर हलली नाही. मी ती उलटी बरणी सगळ्यांना दाखवत फिरले.

कँडीही केली, त्याचं फार लिहित नाही. चुन्याच्या निवळीत दोन तास, धुवून, मग आवळा कँडीसारखा रोज थोडा वाढवत नेलेला पाक, सहा दिवस, मग सुकवणं. दिसते सुंदर, खायला पेठ्यासारखी, पण सात दिवस एका किलोच्या मागे धावायचं हे माझ्या नोकरीत बसत नाही. परत करणार नाही.

5 जानेवारी 2025, रविवार
9.5 किलो. दुसरा बहर 53.3, वर्षाची बेरीज बरोबर 84.0 किलो. काट्यावर विश्वास बसेना म्हणून परत बेरीज केली.

यातली सहा किलो ताजीच गेली. सिंधुदुर्गात कोणी घेत नाही पण नवऱ्याचा मित्र पुण्याला निघाला होता, त्याच्यासोबत त्याच्या सोसायटीत. एकेक फळ वर्तमानपत्रात गुंडाळून, धारांवर वजन येणार नाही असं एकाच थरात, नाहीतर घाट चढेपर्यंत कडा काळ्या. पेटीवर चिठ्ठी तीच, किडनीची. तिथल्या एका बाईंनी फोन करून विचारलं की त्यांच्या वडिलांचं क्रिएटिनिन (किडनी मंदावली की रक्तात वाढतं ते) थोडं वाढलंय, एखादी फोड चालेल का. म्हटलं नको, डॉक्टर हो म्हणत नाहीत तोवर अजिबात नको.

19 जानेवारी
खार उघडला. सव्वा महिना झाला. फळ ऑलिव्हसारखं हिरवट-तपकिरी, वास स्वच्छ. पेजेबरोबर एक फोड पुरते. आईंच्या मते मीठ थोडं कमी चाललं असतं, माझ्या मते मिरच्या अजून हव्यात.

खालच्या वाडीतल्या काकींना काय द्यावं हा प्रश्न राहिलाच होता, कारण बाकी सगळ्यांना गेलं आणि त्यांनाच नाही असं दिसायला बरं नाही. त्या स्वतः ठणठणीत आहेत, पण घरात बरणी गेली की कोणाचा तरी हात जाणारच. करमळाचं काहीच न देता जास्वंदीची चार रोपं घेऊन गेले आणि का ते सरळ सांगितलं. काका खाटेवरून म्हणाले की लहानपणी मीठ-तिखट लावून शाळेत जाताना दहा-दहा खायचो. मग विषय बदलला.

2 फेब्रुवारी
शिल्लक: सिरप 3 बाटल्या, जेली 5 लहान बरण्या, सुक्या चकत्या 610 ग्रॅम, खार निम्मा, लोणचं शून्य, कँडी मूठभर. यंदा खड्ड्यात गेलं ते अंदाजे 20 किलो, आणि त्यातलं बहुतेक पहिल्या बहरातलं. पुढच्या सप्टेंबरला सुकवण आणि सिरप काढायचंच नाही. फक्त लोणचं, उडदामेथी, जेली आणि भांडी. ऊन लागणारी सगळी कामं डिसेंबरला.

जिना झाडताना ती बरणी दिसली, ऑक्टोबरची, कापड बांधलेली. मी विसरले होते. वर जाड जेलीसारखी साय आणि खाली स्वच्छ पिवळं. नाकाजवळ नेलं तर डोळ्यात पाणी. व्हिनेगर. आईंना विचारलं तुम्हाला माहिती होतं का, तर म्हणाल्या त्यांची गोव्यातली आजी माडाच्या सुरेचं असंच करायची, कापड बांधून विसरून जायचं. साय बाजूला काढली, गाळलं, अडीच लिटर. आंबट पुरेसं आहे पण थोडं तुरट लागतं, महिनोन्महिने टिकवायच्या लोणच्यात घालायचं धाडस करणार नाही. आज उभा चिरलेला कांदा, मीठ, हिरवी मिरची आणि हे दोन चमचे, तळलेल्या सुरमईबरोबर. साय एका छोट्या बरणीत ठेवलीय, आई म्हणतात ती टाकायची नसते.